अव्वाचं दुसरं अंग

मैलूरच्या वळणावर माझी स्कूटी घसरली तेव्हा मी तिथल्याच एका शाळेत शिकवत होते. पाठीच्या कण्याला मार बसला. कलबुर्गीच्या एका मोठ्या दवाखान्यात नेलं, तर तिथं सांगितलं, वर्षभर तरी सोबतीला माणूस लागेल. मी एकुलती एक. आईला आम्ही अव्वा म्हणतो. ती खजुरीहून नेसत्या लुगड्यानिशी आली. पण खजुरीत अप्पा होते, आणि काचबिंदूनं त्यांची नजर त्याच साली पुरती गेली होती. शेजारणी दोन दिवस भाकरी द्यायच्या. तिसऱ्या दिवशी अव्वाला खजुरीला जाणारी आळंदची बस धरावी लागायची. माझ्याजवळ असली की अप्पांचं बोलायची, तिकडं गेली की माझं.

त्या दवाखान्यात जिवंत माणसाचं दुसरं अंग काढतात, म्हणजे हुबेहूब तसंच आणखी एक माणूस घडवतात, हे आम्ही ऐकून होतो. पण ते दुसऱ्या कुणासाठी तरी असतं असं वाटायचं. एके दिवशी अव्वानंच डॉक्टरीणबाईंना विचारलं. त्यांनी खुर्ची ओढून नीट समजावलं. "ती तुमची बहीण नसेल, नोकर नसेल. ती तुम्हीच असाल, सगळ्या आठवणींसकट. आणि पुन्हा दोघींची एक करता येत नाही."

"पोरगी हितं पडलीया, नवरा तिकडं चाचपडायलाय," अव्वा म्हणाली. "मी एकली कुठंकुठं पुरू? करा तुमी."

नऊ दिवस तिला गुंगीत ठेवलं होतं; तेवढे दिवस शेजारणींनीच अप्पांचं बघितलं. शेजारच्या खोलीत काचेच्या लांबट टाकीत कोमट, दुधट पाणी होतं आणि त्यात दुसरी अव्वा घडत होती. माझी खाट रोज ढकलत तिथं नेत. पहिले काही दिवस नुसतं पांढुरकं काहीतरी दिसायचं, आणि मी तोंड फिरवायची. पाचव्या दिवशी नखं दिसली. सातव्या दिवशी केस आले, तेही कानाजवळ पिकलेलेच. आठव्या दिवशी उजव्या मनगटावर तव्याचा डाग उमटला. मी सहा वर्षांची असताना मला चुलीपाशी जाऊ न देण्याच्या धडपडीत तिला तो चटका बसला होता. माझ्यापायी भाजलेली कातडी माझ्या डोळ्यांदेखत पुन्हा तयार झाली. मी काचेला हात लावला आणि किती तरी वेळ काढलाच नाही. नर्सनंही घाई केली नाही.

दहाव्या दिवशी दोघींना शेजारशेजारच्या खाटांवर जाग आली. नव्या अव्वाचा हात आधी गळ्याकडं गेला. आम्हा लिंगायतांत लहानपणीच गळ्यात शिवाचं लिंग बांधतात, आणि सकाळी ते तळहातावर घेऊन पूजा केल्याशिवाय अव्वा पाण्याचा थेंबही घेत नसे. नव्या अंगाबरोबर लिंग कुठून येणार?

"माझं लिंग कुठंय?" ती घाबरून म्हणाली. ओठ सुकले होते, तरी नर्सनं पुढं केलेला पेला तिनं बाजूला सारला.

जुनी अव्वा भिंत धरत उठली. तिच्या शेजारी बसून तिनं स्वतःचं लिंग डाव्या तळहातावर घेतलं आणि तो हात दोघींच्या मधे धरला. दोन सारख्या माना एका तळहातावर वाकल्या. पूजा झाली, आणि मग दोघींनी एकाच पेल्यातून पाणी घेतलं. मला आयुष्यात तेवढं शांत कधी वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी गावाकडचे अय्या, आमचे जंगम गुरू, आले. दाराशीच थबकले. दोघींकडं आळीपाळीनं बघत राहिले, मग म्हणाले, "अंग नवं हाय, तर दीक्षा बी नवी." त्यांनी नव्या अव्वाला लिंग बांधलं.

आता खजुरीला जायचं कुणी?

"तू पोरीजवळ ऱ्हा, मी जाते," दोघी एकदमच बोलल्या. दोघींनाही माझ्याजवळच राहायचं होतं, आणि ते एकमेकींपासून लपणार कसं? दोघी हसल्या, मग रडल्या. शेवटी जुनी म्हणाली, "तुला आजून चालाया येईना. आळंदच्या बसमदी कशी चढशील?"

खरंच होतं ते. नव्या अव्वाचे तळवे तान्ह्या बाळासारखे मऊ होते, चार पावलांत फोड यायचे. तिला सगळ्या वाटा आठवत होत्या, पण पायांना एकही ठाऊक नव्हती. दवाखान्याच्या व्हरांड्यात आम्ही मायलेकी कठडा धरून बरोबरच चालायला शिकलो.

दीड वर्षानं आम्ही खजुरीला गेलो. अप्पांनी दोघींचे हात हातात घेतले. जुन्या अव्वाचा हात खुरप्यानं खरबरीत झालेला. नव्या हातावर त्यांचा अंगठा थांबला. "लग्नात असाच होता," ते म्हणाले. जुनी अव्वा तडक उठून परसात गेली. नवी तिच्यामागं गेली. मी दारातून बघितलं: जुनी दगडावर बसलेली, नवी तिच्या केसांतला गुंता सोडवायलेली.

"म्या तर कष्टानं हात खराब केले."

"म्हाईत हाय की मला. दवाखान्यात यीपत्तोर ते हात माजेच व्हते न्हवं?"

थोड्या वेळानं जुनी म्हणाली, "माझा डोईचा भोवरा असा डावीकडं हाय व्हय? तुझा बघितला तवा कळलं."

मी बरी झाले तरी नवी अव्वा मैलूरलाच राहिली. "खजुरीला ती हाय की," एवढंच म्हणाली. आता ती कडक भाकऱ्या करून दुकानांत देते आणि माझी जुनी स्कूटी चालवते. खजुरीच्या अव्वाला स्कूटीवर मागं बसायचीसुद्धा भीती वाटते. दोघी फोनवर फार बोलत नाहीत. एक म्हणते, "आज डाळ लागली," दुसरी म्हणते, "व्हय." तेवढ्यावर दोघींचं भागतं.

पुढं माझं लग्न झालं, आणि गेल्या वर्षी मला मुलगी झाली. बारशाला पाळण्याच्या एका बाजूला एक अव्वा उभी राहिली, दुसऱ्या बाजूला दुसरी. एकीनं बाळ पाळण्याखालून दिलं, दुसरीनं वरून परत केलं. मुलगी रडली नाही. एका तोंडाकडून दुसऱ्या तोंडाकडं मोठे डोळे करून बघत राहिली. पाळणा म्हणणारी शेजारीण ओळच विसरली. मग दोघी अव्वांनी एकाच सुरात ती ओळ उचलली.