सोमवारच्या आधीचे तीस कोट

लढाई संपली तेव्हा ताई दहा वर्षांची होती आणि मी सात. बाबा परत आले नाहीत. आले ते सैनिकांचे जुने कोट, ढिगांनी. शिवणकाम वाटणारा मुकादम ते घरी पाठवायचा. ताईने उसवायचे, आईने कापड उलटं करून त्यातून पोरांचे कोट शिवायचे. ताईचा हात असा सफाईने चालायचा की कापडाला ब्लेड लागायचं नाही आणि दोराही अख्खा निघायचा. तो ती रिळावर गुंडाळून ठेवायची, कारण शिवायला दुसरा दोरा नव्हताच. घर त्या पोरीच्या बोटांवर चाललं होतं. मी नुसता खायला काळ.

शाळा पुन्हा उघडली. बाई घरी येऊन म्हणाल्या, "सोमवारी पाठवा हिला. नंतर जागा नाही मिळायची."

आईने ताईला शब्द दिला, "एवढा ढीग संपला की तू मोकळी. पुढचं माझं मी बघेन."

ताईने तीन दिवसांत ढीग संपवत आणला. मला धडकी भरली. ती गेली की ब्लेड माझ्या हातात येणार, हे न कळण्याइतका मी बावळट नव्हतो. ढीग संपलाच नाही तर? शनिवारी तयार कोट पोचवायला गेलो आणि मुकादमाला ठोकून दिलं, "आईने आणखी तीस मागितलेत. लगेच हवेत."

रविवारी हातगाडी दारात. आई पाण्याच्या रांगेत होती. हमाल ताईला म्हणाला, "तुझ्या आईनेच मागवलेत गं."

ताईने आईला एका शब्दाने विचारलं नाही. ब्लेड उचललं आणि बसली. आई आली, ढीग पाहिला; तिला वाटलं, मुकादमाने आपणहूनच पाठवले. परत पाठवले तर पुढचं काम मिळणार नाही, या भीतीने तिने ते ठेवून घेतले. मी तर मूग गिळूनच बसलो होतो.

सोमवार गेला. पुढच्या वर्षी शाळेत गेलो तो मी. शिकलो, कारकून झालो, 'कष्टाने वर आलो' असं चारचौघांत मिरवलं. कुणाच्या कष्टाने, ते गुलदस्त्यात. ताई आईशी जन्मभर कामापुरतंच बोलली. तिचा स्वभावच तुसडा, असं मी बायकोला सांगायचो. त्या वाक्याची आज लाज वाटते.

आई जाऊन अकरा वर्षं झाली. परवा ताईला सगळं सांगून टाकलं. वाटलं, थोबाडीत देईल. मला तेच हवं होतं. तिने चष्मा काढून पुसला.

"शेवटच्या दिवशी आईने माझा हात धरला होता रे," ती म्हणाली. "मी सोडवून घेतला."