आजच्या पानावर नाहीस

आमच्या समोरच्या दारात एक ग्रंथकार राहतात. त्यांचा एकही ग्रंथ निघालेला नाही, पण सगळी इमारत त्यांना याच नावाने ओळखते आणि तेही खुशाल ओ देतात. चौतीस वर्षं त्यांनी बसडेपोत वेळापत्रकं बनवली. त्या काळात गाड्या उशिरा आल्या, बंद पडल्या, एक तर भलत्याच गावाला पोचली. पण ग्रंथकारांच्या मते वेळापत्रक एकदाही चुकलं नाही. चुकल्या त्या गाड्या.

निवृत्त झाल्यावर याच अनुभवाचं त्यांनी तत्त्वज्ञान केलं. "लोक दिवस संपल्यावर डायरी लिहितात," ते म्हणायचे. "म्हणजे वरातीमागून घोडं! आपल्या आयुष्याचा लेखक व्हायचं तर उद्याचं पान आजच लिहायला हवं. तेही घडून गेल्यासारखं." या पद्धतीला त्यांनी 'आगाऊ लेखन' असं नाव दिलं. नाव शोभतंय, एवढाच अभिप्राय त्यांच्या पत्नीने दिला.

नियम एकच. पान आणि दिवस जुळले नाहीत, तर पानाला हात लावायचा नाही. दिवस दुरुस्त करायचा. एकदा 'संध्याकाळी तासभर फिरलो' असं लिहून ठेवलं आणि नेमका घोटा मुरगळला. मग चाकं असलेल्या खुर्चीत बसून बाहेरच्या खोलीत तासभर फेऱ्या. ढकलायला पत्नी.

"वहीत तुम्ही फिरलात, मग दमले मी कशी?"

"दुय्यम पात्रांना थोडे कष्ट पडतातच."

प्रत्येक पानावर एक ओळ मात्र ठरलेली असायची: 'जेवून दोन तास शांत झोपलो.' वही दर रविवारी शुद्धलेखन तपासायला माझ्याकडे येते, म्हणून मला हे ठाऊक.

त्यांचा धाकटा भाऊ त्याच डेपोत ड्रायव्हर होता. ग्रंथकारांच्या निरोप समारंभात चार शब्द बोलायला तो उठला आणि म्हणाला, "दादाची वेळापत्रकं फार देखणी. फक्त दादा कधी गाडीत बसला नाही." सगळा डेपो खो खो हसला. त्यानंतर सहा वर्षं दोघांत अबोला.

गेल्या महिन्यात एका मंगळवारी, जेवणं नुकती आटोपली असताना, तो धाकटा दारात येऊन उभा राहिला. हातात कापडी पिशवी, गालांवर दोन दिवसांची दाढी. माझं दार उघडंच होतं.

"दादा, उद्या माझं ऑपरेशन आहे. हृदयाचं. साडेदहाला आत नेणार. म्हटलं, त्याआधी भेटून जावं."

ग्रंथकारांचा चेहरा क्षणभर हलला. मग ते आत गेले, वही उघडून पाहिली आणि परत आले.

"आजच्या पानावर तू नाहीस," ते म्हणाले. "उद्या सकाळी ये. ते पान कोरं आहे, त्यात घालतो तुला."

"उद्या कसा येऊ? आज संध्याकाळीच भरती व्हायचंय मला."

"अहो, ऐकताय ना तो काय म्हणतोय?" पत्नी म्हणाली.

"ऐकलं. पण माझी आता झोपायची वेळ झाली." आणि ते खरोखर आत जाऊन आडवे झाले.

"भाऊजी, तुम्ही आत या. त्यांचं काय मनावर घेता?"

"राहू द्या वहिनी. थांब्यावर ताटकळायची सवय आहे मला." धाकटा जिन्याच्या पायरीवर पंधरा मिनिटं बसला, पाणी प्यायला आणि गेला. आत ग्रंथकार डोळे घट्ट मिटून पडले होते. झोपलेल्या माणसाच्या पापण्या इतक्या फडफडत नाहीत, असं वहिनींनी मला नंतर सांगितलं.

संध्याकाळी त्यांनी बुधवारचं पान लिहिलं: 'सकाळी नऊला भाऊ आला. दोघांनी चहा घेतला. त्याने माफी मागितली, मी मोठ्या मनाने दिली. जेवून दोन तास शांत झोपलो.'

बुधवारी नऊ वाजले. सव्वानऊ झाले. ग्रंथकार दाराकडे टक लावून बसलेले.

"अजून आला नाही हा."

"गाडी चुकली असेल," पत्नी म्हणाली. "वेळापत्रक तर चुकत नाही ना तुमचं? मग करा दिवस दुरुस्त. हा थर्मास धरा. टॅक्सी खाली उभी आहे." साक्षीदार म्हणून तिने मलाही बरोबर धाडलं.

हॉस्पिटलात धाकटा हिरव्या झग्यात स्ट्रेचरवर पडला होता.

"दादा! आज आहे का मी पानावर?"

"आहेस. आपण चहा घेतला, असं आहे." ग्रंथकारांनी थर्मास पुढे केला.

"पाणीसुद्धा बंद आहे मला."

ग्रंथकारांनी थर्मास खाली ठेवला. मग त्यांनी बगलेतली वही उघडली आणि ती ओळ खोडली. सहा वर्षांत पहिल्यांदा.

"अजून काय केलं मी?"

"माफी मागितलीस. मी गाडीत बसलो नाही म्हणालास, त्याची."

"बसला होतास?"

ग्रंथकारांनी तीही ओळ खोडली. तेवढ्यात नर्स आली, "चला काका" म्हणाली आणि स्ट्रेचर हललं. धाकट्याने मान वळवली. "आणि पुढं रे, दादा? मी बाहेर येतो का? काय लिहिलंयस?"

पुढे काय लिहिलं होतं ते मला माहीत होतं. ग्रंथकारांना ते वाचवलं नाही. दार बंद झाल्यावर त्यांनी ती ओळ इतक्या जोराने खोडली की कागद फाटला. मग साडेचार तास ते दाराबाहेरच्या बाकावर बसून होते. जेवले नाहीत, झोपले नाहीत, आणि एकदाही तत्त्वज्ञान बोलले नाहीत.

ऑपरेशन पार पडलं. दुसऱ्या दिवशी धाकट्याने डोळे किलकिले करून विचारलं, "वेळेवर आलो का, दादा?"

"उशीर केलास," ग्रंथकार म्हणाले आणि त्याच्या पायांवरचं पांघरूण उगाचच नीट करत बसले.

रविवारी वही आली. बुधवारचं अख्खं पान खोडलेलं, चुका काढायला काही उरलंच नव्हतं. शुक्रवारपासून आगाऊ लेखन पुन्हा सुरू आहे, मात्र पेन्सिलीने. लोकांना सांगताना ग्रंथकार अजून शाईच म्हणतात, आणि खोडरबर पत्नीच्या पिशवीत असतो.