दुसऱ्या अल्बममधलं हमिंग

आजवर मी पुष्कळ वस्तू दुरुस्त केल्या. त्यातली एक मुळात बिघडलेलीच नव्हती.

मस्कतला मी सबस्टेशनवर इलेक्ट्रिकल इंजिनिअर होतो. दर शनिवारी सकाळी मी आणि मुलगी अल मवालेहच्या मोठ्या मंडईत भाजी आणायला जायचो. ती बारावीत होती आणि जूनमध्ये पुण्याला शिकायला जाणार होती. मैत्रिणींशी ती इंग्रजीत तासन्‌तास बोले, माझ्याशी मात्र "हो पप्पा", "नको पप्पा" एवढंच. तिचं मराठी अडखळणारं, माझं इंग्रजी टेंडरपुरतं. ती जाण्याआधी तिच्याशी मनातलं काही बोलायचं तर गाडीतल्या या अर्ध्या तासातच, हे मला कळत होतं. पण सुरुवात कुठून करायची तेच सुचत नव्हतं.

मग एका शनिवारी तिनेच आपला फोन वायरने गाडीच्या स्टिरिओला जोडला. कुठल्याशा ब्रिटिश इलेक्ट्रॉनिक ग्रुपचा दुसरा अल्बम होता.

"पहिला सगळ्यांनाच आवडतो, पप्पा. सेकंडला जरा... पेशन्स लागतो. पूर्ण ऐकाल?"

ऐकेन म्हणालो. आणि ऐकू काय आलं, तर हमिंग! गाण्याच्या बुडाशी सतत घूंऽऽ.

माझे कान वस्तीतल्या भीमजयंतीच्या मंडपात तयार झालेले. ॲम्प्लिफायर घूं करायला लागला की गायक थांबायचे आणि कॉलेजात शिकणाऱ्या मला हाक यायची. मी अर्थिंगची तार नीट करायचो, आवाज स्वच्छ व्हायचा आणि म्हातारी माणसं पाठ थोपटायची. तेव्हापासून हमिंग म्हणजे दोष, हे डोक्यात पक्कं. मुलीने इतक्या प्रेमाने काही ऐकवावं आणि आपल्या गाडीने त्यात खोडा घालावा, याची मला लाजच वाटली.

मस्कतच्या रुवी भागातल्या एका रत्नागिरीकर दुकानदाराने वायरीत बसवायचा फिल्टर दिला. "ह्यो लावा साहेब, आवाज खलास!" मी तो बसवला आणि माझ्या फोनवरची भीमगीतं लावून बघितली. हमिंग नव्हतं. ते आधी तरी होतं का, हे तपासायचं मात्र सुचलं नाही. हाताखालच्या पोराने असं केलं असतं तर मी त्याची खरडपट्टी काढली असती.

पुढच्या शनिवारी तिने गाणं लावलं आणि मिनिटभरात माझ्याकडे वळली. "पप्पा, गाडीला काय केलं?"

"हमिंग काढलं," मी मोठ्या ऐटीत म्हणालो.

"ते नॉइज नव्हतं. त्यांनी मुद्दाम... सगळं साँगच त्याच्यावर आहे, पप्पा."

तिने वायर काढली आणि इअरफोन कानात घातले. मंडईत मी "कांदे किती घेऊ?" विचारलं, तर तिने दोन बोटं दाखवली.

त्याच दुपारी मी फिल्टर उपटून काढला. पण पुढचे दोन शनिवारही इअरफोन होतेच. करून बसलो होतो, आता निस्तरणं भाग होतं. तिसऱ्या शनिवारी गाडी सुरू करण्याआधीच म्हणालो, "तुझ्या त्या ग्रुपवर मी अन्याय केला. आता लाव. मी मध्ये तोंड उघडणार नाही."

तिने माझ्याकडे नीट बघून घेतलं आणि वायर जोडली.

मंडईशी पोचलो तेव्हा अल्बम अर्ध्यावर होता. चांगले टोमॅटो संपतील, हे ओठांवर आलं होतं, पण गप्प बसलो. एसी चालू ठेवून आम्ही पार्किंगमध्येच ऐकत राहिलो. ती घूं खालून चालू होती, घर शांत असताना फ्रिजची येते तशी, आणि तिच्या आधाराने वरचे सूर ये-जा करत होते. अल्बम मला निम्माच कळला, खोटं कशाला बोलू? पण डोळे मिटून ऐकताना पोर हुबेहूब तिच्या आईसारखी दिसते, हे मला इतक्या वर्षांत कळलं नव्हतं. ते फार आवडलं.

शेवटचं गाणं संपलं. ती समोरच्या काचेकडे बघत म्हणाली, "पप्पा, मला पुण्याला जायचंय. पण मला... खूप भीती वाटते."

माझ्या जिभेवर उपाय तयार होते. हॉस्टेलच्या बाईंचा नंबर, पिंपरीची आत्या, दिवाळीचं तिकीट. सगळे गिळले.

"मलाही वाटते," मी म्हणालो.

"तुम्हाला कसली?"

"तू तिकडेच रमशील, याची."

लहानपणी रस्ता ओलांडताना धरायची तसा तिने माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही.