कुर्दांच्या गावातला राब

मुरबाडच्या आमच्या घरात पुस्तकांपेक्षा पत्रकं जास्त. वनहक्काची, मजुरीची, धरणाविरुद्धची. वडील ती लिहायचे, मी ती वाचत मोठा झालो. त्यामुळे मध्ययुगीन किल्ले बांधून लढायच्या संगणकावरच्या खेळातही मी आधी हेच पाहिलं की, यात कोण दिसतंय आणि कोण गायब आहे. त्यातला सर्वांत मोठा सुलतान जन्माने कुर्द. खेळात तो नुसता अरब. कुर्द हा शब्दच कुठे नव्हता.

खेळाच्या चाहत्यांच्या मंचावर मी तावातावाने लिहिलं. बऱ्याच जणांनी टर उडवली. एका मुलीने मात्र वेगळा निरोप पाठवला. ती कुर्द, जर्मनीत शिकणारी. आईवडिलांचं गाव तिने पाहिलेलं नव्हतं आणि आई त्याबद्दल कधी बोलत नसे. या खेळात आपले नकाशे आपल्याला रचता येतात. तिला किल्ल्याच्या पायथ्याशी एक नांदतं कुर्द गाव हवं होतं.

आमचं बोलणं मोडक्यातोडक्या इंग्रजीत चाले. तिने सांगितलं, तिकडे उतारावर घरं अशी असतात की खालच्याचं छप्पर ते वरच्याचं अंगण. तशी मी बसवली. शेतं मात्र माझ्या मनाने काढली आणि प्रत्येक शेताच्या कडेला काळा चौकोन भरला. आमच्याकडे शेण, पालापाचोळा पसरून जमीन भाजतात आणि तिथेच भाताची रोपं करतात. तोच राब.

माझी आई मागे येऊन उभी राहिली. "राब भाजलास काय रे? बरा केलास. नायतर लोक खातील काय, तुजा किल्ला?"

मी खूश होऊन नकाशा पाठवला. दुसऱ्या दिवशी मुलीची एकच ओळ आली. "आमचं गाव कुणी जाळलं?"

मी लांबलचक खुलासा लिहायला घेतला. भात, राब, डोळखांबचे डोंगर. अर्ध्यावर कळलं की हे पुन्हा माझंच गाव चाललंय. सगळं खोडलं आणि विचारलं, तुमच्याकडे काय पेरतात?

तिलाही ठाऊक नव्हतं. तिने नकाशा आईपुढे ठेवला. काळ्या चौकोनांवर बोट ठेवून आई बोलू लागली म्हणे. गहू. शेळ्या. झऱ्याकाठचा अक्रोड. आग हवी, पण वर, डोंगरमाथ्यावर, नवरोजच्या, म्हणजे त्यांच्या वसंतातल्या नववर्षाच्या, संध्याकाळी. शेवटी तिने गावाचं नाव सांगितलं. तिकडच्या सरकारने बदललं त्याआधीचं, कुर्दीतलं.

मी राब पुसले, गहू पेरला, नाव घातलं आणि नकाशा मंचाकडे पाठवला. मंचाच्या चालकाने कळवलं की असं गाव कुठल्याच नकाशात सापडत नाही, उगाच राजकारण नको, नाव बदला.

मी मुलीला विचारलं. तिने आईला विचारलं. मग मी चालकाला उत्तर लिहिलं, "या नकाशात आहे," आणि त्याच नावाने तो मंचावर चढवला.