मायचा पार्ट

आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत भात कापून झाला की गावोगाव मंडई म्हणजे जत्रा भरते, आणि मंडईला नाटक पाहिजेच. ती नाटकं मी लिहितो. मुकाट लिहीत होतो, बरं चाललं होतं. पण चंद्रपूरचा माझा साळा हात धुऊन मागे लागला, "भाऊजी, आता लेखकालेबी प्रोफाइल लागते. कनेक्ट व्हा लोकाईशी." झालो कनेक्ट! नावाखाली टाकलं, 'कथाकथनतज्ज्ञ आणि प्रेरक मार्गदर्शक'. कोणाला डोंबलाचा मार्ग दाखवला होता मी!

रोज सकाळी चहाआधी एक पोस्ट. बैल चिखलात बसला, त्यावरून नेतृत्वाचा धडा. बस चुकली, त्यावरून संयमाचा. खाली अनोळखी लोक लिहायचे, 'प्रेरणादायी, सर!' मीही त्यांच्या पोस्टखाली, न वाचताच, तसंच लिहायचो. खोटं कशाला बोलू, गोड वाटायचं.

यंदाचं नाटक घेऊन वडशाला नाटक मंडळीच्या ऑफिसात गेलो. आमच्याकडे लेखकच सगळे पार्ट वाचून दाखवतो. नट तेवढ्यावर भूमिका पकडतात, बाकी मदार प्रॉम्प्टरवर. तिसऱ्या अंकात मोहफुलं वेचायला गेलेल्या पोराला वाघ नेतो. लोक त्याची रिकामी टोपली दारात आणून ठेवतात आणि माय बोलते. मी अगदी मनापासून वाचलं, "बाळा, प्रत्येक संकट आपल्याला काहीतरी शिकवून जातं."

सगळे खो खो हसले. माझ्या नाटकांतल्या आया वर्षानुवर्षं करणाऱ्या बाईंनी विचारलं, "काऊन भाऊ, यंदा मायचा पार्ट कॉमेडीवाल्याले देल्ला का?" त्या चिडवत नव्हत्या हो, खरंच विचारत होत्या.

"खोडा ते," मी प्रॉम्प्टरला म्हटलं. त्यानं खोडलं.

"मंग मी काय बोलू?"

मी डोळे मिटले. पूर्वी नाटकातली अशी माय मनात आपणच बोलू लागायची, लिहिता लिहिता माझी धांदल उडायची. आता नुसतं 'धैर्य', 'प्रवास', 'शिकवण'. मेलं, दुसरं काही येईचना! घाबरलो मी. उद्या सांगतो म्हणून उठलो.

ते 'उद्या' अजून उजाडलं नाही. पोस्टा बंद केल्या, तरी आत तोच सूर चालू आहे. पहिली मंडई तोंडावर आली. काल बाईंचा फोन आला. आवाजात जराही राग नव्हता.

"भाऊ, तुमच्याच्यानं होत नसन तं राहू द्या. मी नुसती रडून देईन."

मी बरं म्हटलं.