कळंबचे सात घोडे आणि चिकूची वाडी

चार घोडेवाले एकत्र बसले की घोडे राहतात बांधलेले आणि किस्से सुटतात! कळंबच्या किनाऱ्यावर गिऱ्हाइकांना फेऱ्या मारवणारे आम्ही पाच जण. मागच्या वादळात समुद्र तबेल्यात शिरला, घोडे पोटापर्यंत पाण्यात, आणि ओल्या गाठी सुटता सुटेनात. कसेबसे वाचले. तेव्हाच ठरवलं, पुढच्या वेळी इशारा आला की पाणी यायच्या आत सातही घोडे गावामागच्या उंच चिकूच्या वाडीत!

*

आमचा समीर राहतो नायगावच्या टॉवरमध्ये, घोडा ठेवतो आमच्याकडे. त्याने मोबाइलवर बघून झटक्यात सुटणारी गाठ शिकवली. "फक्त हे टोक ओढायचं!"

त्याचा बादशाह शेजारी उभा राहून बघत होता. सकाळी सातही घोडे किनाऱ्यावर फिरताना सापडले. ट्रेनिंग आमच्याआधी त्यांनीच पूर्ण केलं!

*

घोडा हरवला तर सापडावा म्हणून मी माझ्या चांदणी घोडीच्या मागच्या पुठ्ठ्यावर मेंदीने फोन नंबर काढला. दुसऱ्याच दिवशी ती विरारला वरातीला गेली, आणि माझा फोन वाजला.

"तुमची घोडी इथे आहे."

"अगंबाई, सुटली की काय?"

"नाही हो, नवरदेव बसलाय. आमच्या मुलाच्या लग्नाला मिळेल का?"

*

आमच्यातले सगळ्यात मोठे हिराजीकाका. फर्स्ट एडच्या पेटीला त्यांचाच विरोध. "माज्या आज्यानं कवा पेटी ठेवली व्हती?"

मग त्यांच्याच घोड्याचा, राजाचा पाय पत्र्याने कापला आणि पेटीतल्या पट्टीने रक्त थांबलं. आता पेटी काकांच्याच ताब्यात. परवा माझं बोट कापलं तर म्हणाले, "हात लावू नको, घोड्यांची हाय ती!"

*

आणि मग यंदा खरंच इशारा आला.

दुपारीच निघालो. सात घोड्यांवर आम्ही पाच आणि शेजारचे दोघे. वारा असा की डोळ्यांत वाळू. सुरूच्या झाडापर्यंत सगळं झकास! तिथे सातही घोडे शिस्तीत वळले आणि तबेल्याकडे चालू लागले. लगाम ओढले, शिव्या घातल्या, गूळ दाखवला. छे! मागे समुद्र वर चढत होता.

काका एकदम ओरडले, "आरं, त्यांची फेरी संपली! उतरा सगले! परत बसा!"

खरंच की! रोज झाडापर्यंत जायचं आणि वळायचं. उतरलो, घोड्यांची तोंडं वाडीकडे केली, गिऱ्हाइकासारखे नव्याने चढलो. समीर तर म्हणाला, "भैया, एक राउंड!" घोडे निघाले!

तेवढंच अंतर गेल्यावर देवळापाशी परत वळले. परत उतरलो, परत चढलो. चौथ्या फेरीला वाडी आली. मागे तबेल्यात पाणी शिरलं, पण रिकाम्या तबेल्यात! सात मोजले आणि मी चांदणीच्या गळ्यात पडून ढसाढसा रडले.

तेवढ्यात सातही घोडे वळून वाडीच्या फाटकाकडे निघाले.

काकांनी फाटक ओढलं, कडी घातली आणि राजाला म्हणाले, "जा, आज धंदा बंद!"