उदबत्ती लावलेला अहवाल

पुण्याहून निघाले तेव्हा बाबा दारापर्यंतही आले नाहीत. चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस आठ दिवस माझ्यावर रुसून बसला होता, आणि चूक माझीच होती. गावोगावच्या पाणवठ्यांवर मी पुस्तक लिहिते आहे. त्यात केज तालुक्यातल्या आमच्या गावची, आमच्या बौद्ध वस्तीतली विहीर आहे. ती बाबांच्या आजोबांनी खोदली, हे मी लहानपणापासून ऐकत आले. लेखी पुरावा मात्र कुठे सापडेना, म्हणून मी त्या वाक्यापुढे 'असे सांगतात' असं जोडून दिलं. बाबांनी कच्चा मजकूर वाचला आणि चष्मा काढला.

"सांगतात म्हंजी? मी सांगतोय की. बापाचा शब्द पुरंना का तुला?"

या प्रश्नाचं उत्तर आणायला मी बीडची एसटी पकडली. पुण्यात शोधायचं ते शोधून झालं होतं. जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये नद्या, किल्ले, देवळं सगळं होतं. जनगणनेच्या पुस्तिकेत गावाचं नाव होतं, विहीर कुणाची ते नव्हतं. निजामकाळातल्या गाववार अहवालाचा पत्ता एका संकेतस्थळावर लागला, पण उघडून पाहते तर नुसतं मुखपृष्ठ. मी ग्रंथालयातला तो संगणक असा काही बंद केला की शेजारचा विद्यार्थी दचकला.

पाटोद्याला गाडी चहासाठी थांबली. शेजारच्या मावशींनी फडकं सोडून अर्धी भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी माझ्या हातावर ठेवली. "कुठं चाललाव?"

"बीडला. जुनं सरकारी पुस्तक शोधायला."

"मग खाऊन घ्या. सरकारी कामात लई बसवून ठेवत्यात."

मावशींचं खरं निघालं. बीडच्या एका कार्यालयात मी सकाळपासून दुपारपर्यंत बसले. कारकून भला माणूस होता, माझ्याबरोबर त्यानेही धूळ खाल्ली. शेवटी रजिस्टरवर बोट ठेवून म्हणाला, "मॅडम, पुस्तक नोंदीला हाय, जागेवर न्हाई." मग माझा चेहरा पाहून त्याने तालुक्याच्या एका जुन्या वाचनालयाचं नाव सांगितलं. ते मी इथे मुद्दाम देत नाही, कारण तिथल्या ग्रंथपालांना तसा शब्द दिला आहे.

या ग्रंथपालांना सगळे गुरुजी म्हणतात. मी शासकीय प्रकाशनांची चौकशी केली तेव्हा ते ओशाळले. मराठी आणि इंग्रजी अहवाल काही वाळवीने खाल्ले होते, उरलेले जागेपायी रद्दीत गेले होते.

"आणि उर्दू?"

"उर्दू हाय, पण ते धर्माचं. त्याचं काय करताव तुमी?"

कोपऱ्यात काचेचं कपाट होतं. आत हिरव्या कापडात बांधलेले सहा ग्रंथ, आणि खाली उदबत्तीची राख. "आदीचे ग्रंथपाल दर शुक्रवारी लावायचे, मी बी लावतो," गुरुजी म्हणाले. "कुणाचं का आसना, देवाचं हाय." चपला काढून, हात धुऊन मी ते पाहिले. उर्दू मला येत नव्हतं, त्यांनाही येत नव्हतं. मग त्यांनी बसस्टँडवरून सीताफळं विकणाऱ्या सलीमचाचांना बोलावून घेतलं.

चाचांनी हात धुतले, डोक्याला रुमाल बांधला आणि दोन्ही हातांनी पहिला ग्रंथ उघडला. एक ओळ वाचली, दुसरी वाचली. मग सावकाश रुमाल सोडला.

"गुरुजी, हे धर्माचं न्हाई."

"मग?"

"निजाम सरकारचं हाय. ज्वारी किती, कापूस किती, हिरी किती. इतकी सालं तुमी ज्वारीला उदबत्ती लावताव!"

चाचांना हसताना खुर्ची धरावी लागली. गुरुजी कानापर्यंत लाल झाले, मग तेही हसू लागले. "उर्दू दिसली की आमी दुसरं काई धरतच नव्हतो. तुमाला तरी कावून बोलवावं? कुणी मागितलंच न्हाई कदी." मला मात्र त्या भोळ्या माणसाच्या पाया पडावंसं वाटलं. कपाटावर 'सरकारी' अशी चिठ्ठी असती तर हे ग्रंथही रद्दीतच गेले असते.

चाचांनी सीताफळांची गाडी शेजारच्या चहावाल्यावर सोपवली आणि दुपारभर ते वाचत बसले. चौथ्या ग्रंथात केजची फेहरिस्त (यादी) निघाली आणि त्यात आमचं गाव. विहिरी दोन. शेवटच्या रकान्यात कैफियत (शेरा) होती. चाचांनी ती मराठीत सांगितली: दुसरी विहीर गावाबाहेरच्या वस्तीतल्या लोकांनी आपल्या मेहनतीने खोदली, सरकारी खर्च नाही.

"नाव, चाचा? खोदणाऱ्याचं नाव?"

त्यांनी तीनदा वाचलं. "न्हाई बेटा. 'लोकांनी' येवढंच हाय."

विहीर सापडल्याचा आनंद अर्ध्यावरच राहिला. मी पानाचा फोटो घेतला, चाचांनी दोन सीताफळं माझ्या पिशवीत घातली. निघताना गुरुजींनी हळूच विचारलं, "आता उदबत्ती बंद करावी का?"

"कावून?" चाचा म्हणाले. "लावत जा. ज्वारी बी अल्लाचीच हाय."

परतीच्या वाटेवर मला पुस्तकापेक्षा बाबांचीच काळजी जास्त वाटत होती. ज्या नावासाठी ते रुसले होते, तेच नाव सरकारच्या कागदात नव्हतं. घरी पोचल्यावर मी त्यांना शेरा वाचून दाखवला आणि खाली मान घालून सांगितलं, "तुमच्या आजोबांचं नाव नाही त्यात."

बाबांनी फोटोतल्या त्या न कळणाऱ्या ओळीवरून बोट फिरवलं.

"बराबर लिवलंय," ते म्हणाले. "आज्या एकटा कसा खोदंल? तुझ्यावर रागावलो, पर मी तरी कुठं पुरं सांगितलं? आपल्या माणसाचं तेवढं नाव घेत बसलो. वही आण."

त्यांनी नावं सांगितली, मी लिहीत गेले. गंगूबाई, किसन, सोनाबाई, लक्ष्मण, तुळसाबाई. बाबांनी लहानपणी ही माणसं म्हातारी झालेली पाहिली होती. अशी दहा नावं झाली आणि ते अडले. दोर धरणारी आणखी एक बाई होती, तिच्या तळहातांचे घट्टे आठवत होते, नाव आठवेना. डोळे मिटून त्यांनी पुष्कळ आठवून पाहिलं.

"सोडून देऊ का, बाबा?"

"न्हाई," ते म्हणाले. "अकरावी लिही. नाव मी विसरलो. ती होती."